नेवाडा सरकारच्या सेवेशी

उंटीण निर्दोष सुटली. हे वाक्य कुणी वाचलं असेल तर त्याने ते मेहेरबानी करून विसरून जावं, कारण अजून काहीच घडलेलं नाही. सकाळचे साडेसहा वाजले आहेत, उंटीण कतारमधल्या दोहा-मेसईद रस्त्याच्या मधोमध उभी आहे, आणि निवृत्ती चौदा नंबरच्या बसचा भोंगा वाजवतो आहे.

भोंग्याचा परिणाम एवढाच झाला, की उंटिणीने रवंथ थांबवलं, निवृत्तीकडे नीट पाहून घेतलं, आणि रवंथ पुन्हा सुरू केलं.

"यल्ला, ड्रायव्हर, यल्ला!" मागून कुणीतरी ओरडलं.

बसमध्ये दोह्यातल्या ओल्ड एअरपोर्ट आणि फरीज बिन ओमरान या वस्त्यांमधून उचललेले एकतीस इंजिनिअर आणि केमिस्ट होते. सात वाजता खताच्या कारखान्याच्या फाटकावर प्रत्येकाचं कार्ड घड्याळात जायला हवं होतं.

"अहो, बाजूने काढा की!" पुढच्या सीटवरचे एक पुण्याचे साहेब म्हणाले.

बाजूला वाळू होती. वाळूत बस घातली तर ती ओढायला दुसरी बस लागते, आणि त्या दुसरीला ओढायला तिसरी. निवृत्तीने डॅशबोर्डवरची वर्तमानपत्राची पुडी उचलून हळूच खाकी शर्टात सरकवली आणि तो खाली उतरला. उंटिणीच्या गळ्यातल्या दोरीला हात घालून त्याने तिला बसच्या मागच्या अंगाला, रस्त्याच्या कडेला नेलं. तीन-चार मिनिटांनी तो हात झटकत एकटाच परत आला.

"काय सांगितलंत तिला?" साहेबांनी विचारलं.

"काय न्हाई. म्हनलं, घरचे समदे बरे हायेत का," निवृत्ती म्हणाला आणि त्याने गिअर टाकला.

बस फाटकावर पोचली तेव्हा सात वाजून नऊ मिनिटं झाली होती.

बसला उशीर झाला की ड्रायव्हरने एक फॉर्म भरायचा असतो. त्यात कारणं छापलेली होती, आपण फक्त खूण करायची: पंक्चर, इंजिन, वाळूचं वादळ, पोलीस, मृत्यू. कुणाचा मृत्यू, हे दिलेलं नव्हतं. उंट मात्र कुठेच नव्हता. गेल्या दोन महिन्यांत निवृत्तीने दोनदा कोऱ्या जागेत 'उंट' असं लिहिलं होतं आणि दोन्ही वेळा 'कारण फॉर्ममध्ये बसत नाही' म्हणून त्याला मेमो मिळाला होता. तिसरा मेमो म्हणजे रजा एक वर्ष पुढे.

रजा पुढच्याच महिन्यात होती. दोन वर्षांनी, पंचेचाळीस दिवसांची. आणि पारनेर तालुक्यातल्या त्याच्या वाट्याच्या साडेतीन एकरांसाठी विहीर खणायची होती. विहीर भावाभावांत सामाईक, पण ती कुणाच्या रानात, एवढाच प्रश्न होता. थोरला भाऊ महिपती याने दोनदा पाणाड्या आणला होता. पाणाड्या तळहातावर नारळ आडवा ठेवून रान फिरतो, आणि खाली पाणी असेल तिथे नारळ उभा राहतो, असं म्हणतात. दोन्ही वेळा नारळ बांधापलीकडे, महिपतीच्याच रानात उभा राहिला. निवृत्तीच्या बायकोने, सत्यभामेने, पोस्टमनकडून पत्र लिहवून घेतलं होतं: 'तुम्ही आल्याबिगर कुदळ लावू देणार नाही. पण पाडव्यापर्यंतच. पुढं माझं कोण ऐकतंय.'

पत्र त्याने उशीखाली ठेवलं होतं. आणि उशाशी, पत्र्याच्या पेटीवर, नेवाडा.

नेवाडा हे एक पुस्तक होतं, विटेएवढं. कंत्राट संपवून परत जाणारा एक अमेरिकन इंजिनिअर ते बसच्या सीटवर विसरून गेला होता. बसमध्ये सापडलेली वस्तू तीन महिने ड्रायव्हरच्या ताब्यात राहते, असा नियम होता, आणि निवृत्ती नियम पाळणारा माणूस होता. निवृत्तीला इंग्रजी अंक आणि रस्त्यावरच्या पाट्या वाचता यायच्या. पुस्तक वाचण्यासाठी विजय होता. विजय नाशिकचा, पंचवीस वर्षांचा, टाइम ऑफिसातला कारकून. उशिराच्या बसांची यादी तोच टाइप करायचा. ड्यूटीनंतर कॅम्पात खोलीच्या सावलीला दोघं खुर्च्या टाकून बसायचे आणि विजय दोन-दोन पानं वाचून मराठीत सांगायचा.

"नेवाडा म्हंजे नेमकं काय?" निवृत्तीने पहिल्या दिवशी विचारलं होतं.

"अमेरिकेतलं एक राज्य. पश्चिमेला. बहुतेक सगळं वाळवंट."

"म्हंजे लोक अमेरिकेत जाऊन बी वाळवंटातच राहत्यात?"

"तुम्ही कुठे आलात, निवृत्तीभाऊ?"

"मला एजंटानं सांगितलं न्हवतं. त्यास्नी तरी सांगाया पायजे हुतं."

पुस्तकाचा पहिला अर्धा भाग डोंगर, झाडं, जनावरांचा, दुसरा माणसांचा. हंबोल्ट नावाची एक नदी होती. डोंगरात उगम पावून शेकडो मैल वाहायची आणि समुद्राला न मिळताच एका खाऱ्या मैदानात जिरून जायची. निवृत्तीने ती नदी दोनदा वाचून घेतली.

"जिरती म्हंजे जाती कुठं?"

"जिरते एवढंच दिलंय."

"आन् कुनी खणून बघितलं न्हाई?"

"ते चांदी खणत होते हो."

"तेच तर," निवृत्ती म्हणाला. "नारळ न्हाई त्यांच्याकडं."

एक झाड होतं, जवळजवळ पाच हजार वर्षांचं. त्याचं वय किती, हे कळावं म्हणून एका अभ्यासकाने १९६४ साली ते तोडलं.

"मंग, कळलं?"

"कळलं. तोवर माहीत असलेलं जगातलं सगळ्यात म्हातारं जिवंत झाड."

"जिवंत?"

"मोजायला घेईपर्यंत."

मग माणसं आली. मूळचे लोक पाइनच्या झाडांच्या बिया वेचून त्यावर हिवाळा काढायचे. खाणवाल्यांनी भट्ट्यांच्या कोळशासाठी ती झाडं तोडली. चांदीच्या मागे बायका-पोरांशिवाय आलेले हजारो पुरुष कॅम्पात राहिले, चांदी संपल्यावर निघून गेले, आणि गावं दारं उघडी ठेवून तशीच उभी राहिली. निवृत्तीने समोरच्या पत्र्याच्या खोल्यांच्या रांगेकडे पाहिलं आणि अर्धीच विडी विझवली.

सात वाजून नऊ मिनिटांच्या त्या दिवशी संध्याकाळी विजय चहाचा कप घेऊन आला.

"टाइप केलं का?" निवृत्तीने विचारलं.

"केलं. तिसरा मेमो रहमानसाहेबांच्या टेबलावर आहे. उद्या सही." विजयने पुस्तक उघडलं. "वाचायचं का, राहू दे?"

"वाचा की. नेवाड्यानं काय घोडं मारलंय?"

विजयने वाचायला घेतलं आणि तिसऱ्याच ओळीला तो उठून उभा राहिला. कपातला चहा त्याच्या पँटवर सांडला, त्याचंही त्याला भान नव्हतं.

"निवृत्तीभाऊ, उंट!"

"कुठंय?" निवृत्तीने घाबरून मागे पाहिलं.

"नेवाड्यात! चांदीच्या कारखान्यांना मीठ वाहायला उंट आणले होते. उंट बघून घोडे बुजायचे, गाड्या उलटायच्या. म्हणून सरकारने १८७५ साली कायदा केला. सार्वजनिक रस्त्यावर उंट मोकळा सोडायला बंदी!"

निवृत्तीने पुस्तक हातात घेतलं. अक्षरं कळत नव्हती, पण १८७५ हा आकडा त्याला वाचता आला. त्याने त्यावर बोट ठेवलं.

"म्हंजे चूक उंटिनीची हाये."

"कायद्याने!"

"शिक्का हाये का?"

"पुस्तकावर कसला शिक्का असणार?"

"मंग उद्या पुस्तकच न्यायचं," निवृत्ती म्हणाला.

ट्रान्सपोर्ट ऑफिसर रहमानसाहेब हैदराबादचे. त्यांच्या टेबलावर काचेखाली पंधरा नियम होते आणि त्यांना सोळावा मान्य नव्हता. त्यांनी पुस्तक घेतलं, चष्मा लावला, आणि खुणेचं पान शांतपणे वाचलं.

"ये नेवाडा किधर कू है?"

"अमेरिका में, सर," विजय म्हणाला. "पूरा रेगिस्तान. पानी नहीं. कारखाना है, और कॅम्प में सब बिना फॅमिली के मर्द."

"ये तो मेसईदइच हुआ ना."

"थोडा ठंडा पडता होगा साब," निवृत्तीने प्रामाणिकपणे सांगितलं.

रहमानसाहेबांनी मान हलवली. मग त्यांनी एक गोष्ट केली, जी विजयने आनंदाच्या भरात केली नव्हती. त्यांनी पान उलटलं.

"अठरा सौ निन्यानवे में कानून रद्द," ते म्हणाले. "ऊंटइच नहीं बचे, तो कानून कायकू रखते?" त्यांनी पुस्तक मिटलं. "ऊंटनी पे कोई केस नहीं बनता. बाइज्जत बरी."

विजयने खाली मान घातली. निवृत्ती विजयकडे पाहत राहिला. पाडवा सात आठवड्यांवर होता.

"एक बात बोलो मियां," रहमानसाहेब खुर्चीत मागे रेलले. "बारा नंबर, तेरा नंबर, पंधरा नंबर, सब उसी रोड से आते. उनकू रोकती नहीं. तुम्हारेच कू कायकू रोकती?"

डोक्यावरचा पंखा फिरत होता. निवृत्तीचा हात शर्टाकडे गेला आणि तिथेच थांबला. आतला कागद खसफसला. रहमानसाहेबांनी चष्म्यावरून त्या हाताकडे पाहिलं. निवृत्तीने वर्तमानपत्राची पुडी काढून टेबलावर ठेवली आणि उघडली.

चपाती होती. तुपाचं बोट लावलेली, चार घड्यांची.

"पहिला चपाती गाय का होता साब," तो म्हणाला. "आपुन खाने के पहिले. मां ने कभी चुकाया नहीं, घरवाली भी नहीं चुकाती. इधर आया तो रोज सुबे चपाती करता. पन गाय किधर है? एक महिना पुडी में रखा, फेंका. बुरा लगा."

"तो ऊंटनी कू गाय बना दिये."

"चार पांव है साब."

"दूध बी देती है, सर," विजय हळूच म्हणाला.

"पांच बजे खाली बस लेके दोहा जाता, तब देता. कोई देखता नहीं. फिर वो कभी कभी आते टाइम भी खडी रहने लगी. दुसरा चपाती उसने अपने मन से चालू किया. आज आयी नहीं, तो ये बचा."

"बंद करके देखे?"

"देखा साब. उस दिन सात सतरा हुआ."

बाहेर सायरन वाजला, शिफ्ट बदलली. रहमानसाहेबांनी रजेचं रजिस्टर ओढलं, त्यात बोट फिरवलं.

"तुम छुट्टी पे गए तो चौदा कौन चलाता?"

"फजल."

"फजल देता चपाती?"

"फजल मलबार का है साब. भात खाता."

रहमानसाहेबांनी एक सुस्कारा सोडला, तो नक्की कुणासाठी होता ते कळलं नाही. मग त्यांनी तिसरा मेमो उचलला, ड्रॉवर उघडला, मेमो आत ठेवला आणि ड्रॉवर बंद केला.

"कानून बंद पडेला है, नहीं चलता. चालू कराओ. नेवाडा सरकार कू अर्जी लिखो, मेरे थ्रू. उनका जवाब आए तक केस पेंडिंग. पेंडिंग केस में मेमो नहीं निकलता. रूल है." त्यांनी काचेखालच्या अकराव्या नियमावर बोट ठेवलं. मग ट्रेमधून रजेचा फॉर्म काढला, त्यावर शिक्का मारला, सही केली. "ये अलग फाइल है. इसका उससे कुछ लेना-देना नहीं."

निवृत्तीने फॉर्म दोन्ही हातांनी घेतला. चपातीची पुडी टेबलावरच राहिली होती. ती उचलावी की नाही, हे त्याला ठरवता येईना. रहमानसाहेबांनी ती स्वतःच बांधून त्याच्या हातात दिली.

"कल सुबे उसीकू देना ना? खुली रखे तो सूख जाती. जाओ."

बाहेर उन्हात आल्यावर निवृत्ती थांबला.

"विजयराव, आन् नेवाड्याचा जबाब आला तर?"

"इन्शाल्ला, नाही येणार," विजय म्हणाला.

संध्याकाळी दोघं सावलीला खुर्च्या टाकून बसले. विजयच्या मांडीवर पाटी, पाटीवर कोरा कागद. अर्ज आधी मराठीत उतरवायचा आणि मग इंग्रजीत टाइप करायचा, असं ठरलं. निवृत्ती सांगत होता, विजय भाषा सरळ करत होता, आणि शेवटच्या वाक्याला त्याने भाषा सरळ करण्यासाठी पेन उचललं, थोडा वेळ तसंच धरलं, आणि जसं सांगितलं तसंच लिहिलं:

मेहेरबान गव्हर्नरसाहेब, नेवाडा सरकार, मुक्काम कार्सन सिटी, यांच्या सेवेशी. अर्जदार निवृत्ती, ड्रायव्हर, बस नंबर चौदा, मेसईद. विनंती अर्ज करतो की, आपण १८७५ साली केलेला व १८९९ साली रद्द केलेला उंटांबाबतचा कायदा फक्त पंचेचाळीस दिवसांकरिता, दोहा-मेसईद रस्त्यावर, एका उंटिणीपुरता पुन्हा लागू करावा. दंड करू नये, ती गरीब आहे. आपल्याकडील नदी कुठे जिरते याचा तपास लागला असल्यास तेही कळवावे, विहिरीसाठी पाहिजे आहे. आणि अर्जदार रजेवर असेपर्यंत रोज पहाटे पाच वाजता पहिल्या चपातीची व्यवस्था सरकारतर्फे व्हावी, तूप लावून, ही नम्र विनंती.