चकती शून्यावर

वुकोटा आणि गाव्रो हे सख्खे भाऊ सहा वर्षं एकमेकांशी बोलत नव्हते, आणि आमच्या खोऱ्याला त्याची इतकी सवय झाली होती की घराण्याच्या संताच्या सणाला पाद्रीबाबा न सांगता दोन्ही घरी जेवायचे. भांडण त्या सणावरूनच. बाप गेला तेव्हा संताची मेणबत्ती कुणाच्या घरी लावायची हा प्रश्न आला. वुकोटा म्हणाला, थोरला मी. गाव्रो म्हणाला, बापाच्या घरात राहतो मी. दोघांचंही खरं होतं, आणि तिथेच घोडं पेंड खात बसलं. साठ पावलांवरच्या दोन घरांत आता एकाच दिवशी दोन मेणबत्त्या लागत. संताला काय वाटत असेल ते संतच जाणे.

पण गाडीच्या दिव्यांचं काम अख्ख्या खोऱ्यात एकट्या वुकोटाला यायचं. त्यामुळे नोव्हेंबरातल्या एका सकाळी गाव्रोची दहा माणसांची व्हॅन वुकोटाच्या गॅरेजात आली. डावा दिवा मान टाकून बसला होता. गाव्रो रोज साडेदहाला माणसं भरून राजधानीला, पॉडगोरित्साला जायचा. वाट मोराचा नदीच्या कड्यातून, बोगद्यांमागून बोगदे, आणि त्यातल्या बऱ्याच बोगद्यांत भर दुपारीही स्वतःचा हात दिसत नाही. दिव्याशिवाय तिथे जाणं म्हणजे मरणाला आवतण.

गाव्रो उतरला, किल्ली कट्ट्यावर ठेवली आणि वुकोटाच्या बायकोला, स्तानाला म्हणाला, "वहिनी, तुमच्या मेकॅनिकला सांगा, डावा दिवा जमिनीकडं बघतोय."

"मेकॅनिक तीन हातांवर उभाय," स्ताना म्हणाली. "बहिरा नाहीये."

"तरी सांगा."

स्तानाने कपाळावर हात मारला. गाव्रोने आतून खटका ओढला आणि वुकोटाने बॉनेट उघडलं. दिवा वर-खाली करणारी छोटी मोटर जळाली होती. त्याने दुसरी बसवली, आणि गाव्रोने किल्ली घेऊन व्हॅन मागच्या भिंतीसमोर उभी केली. त्या भिंतीवर वुकोटाने स्वतः मोजूनमापून आडवी रेघ मारली होती. उजेडाची कड त्या रेघेवर आली की दिवा बरोबर.

आता इथे एक गोष्ट सांगायला हवी. गाडीत मागे माणसं बसली की मागचा भाग दबतो, नाक वर होतं आणि उजेड समोरच्याच्या डोळ्यांत जातो. म्हणून डॅशबोर्डवर एक बारीक चकती असते, शून्य ते तीन आकड्यांची. ओझं जितकं जास्त तितका मोठा आकडा, आणि तितके दिवे खाली झुकतात. दिव्यांची उंची बसवायची ती गाडी रिकामी ठेवून आणि चकती शून्यावर आणून. वुकोटा हे झोपेतही विसरला नसता. दुसऱ्या कुणाची गाडी असती तर त्याने खिडकीतून हात घालून चकती स्वतः फिरवली असती. पण गाव्रोच्या गाडीत सहा वर्षांत त्याने बोट घातलं नव्हतं, आणि दिवे लावायला आत गाव्रो स्वतःच बसला होता.

"स्ताना, विचार त्याला, चकती शून्यावर आहे का?"

"गाव्रो, चकती शून्यावर आहे का म्हणतोय."

गाव्रोच्या नाकाला मिरच्या झोंबल्या. "तीस वर्षं गाडी चालवतोय म्हणावं. मला शिकवू नका."

हे काही उत्तर नव्हतं. पण वुकोटाही त्याच बापाचा मुलगा. पुन्हा विचारायचं म्हणजे स्वतःच नमतं घेतल्यासारखं. जीव गेला तरी त्याने दुसऱ्यांदा विचारलं नसतं. त्याने पेचकस घेतला आणि स्क्रू फिरवायला लागला. दोन्ही दिवे रेघेच्या कितीतरी खाली होते. एरवी दोन-तीन आट्यांत काम होतं, आज मनगट दुखेपर्यंत फिरवत राहिला. डोक्यात राग असल्यामुळे आटे मोजलेही नाहीत. शेवटी उजेड रेघेवर आला. गाव्रोने मजुरी म्हणून कट्ट्यावर घरचं चीज ठेवलं, वहिनीला "येतो" म्हणाला आणि गेला.

वुकोटा हात धुवायला गेला आणि साबण हातात तसाच राहिला.

डावा दिवा खाली होता हे ठीक, त्याची मोटर जळाली होती. पण उजवा का खाली होता? उजव्याबद्दल गाव्रोची काही तक्रारच नव्हती. उजव्याची मोटर ठणठणीत होती. रिकाम्या गाडीत ठणठणीत दिवा इतका खाली असेल तर त्याचा अर्थ एकच. चकती तीनवर होती. आणि त्याने तीनवर असलेले दिवे रेघेपर्यंत वर चढवून दिले होते. आता मागे माणसं बसली की नाक उठेल, आणि खाली आणायला चकतीवर चौथा आकडा नाही.

लांब बोगद्यात वाट अरुंद, मध्येच वळण. तिथे समोरून येणाऱ्या ट्रकवाल्याच्या डोळ्यांवर असा उजेड पडला तर तो आंधळेपणाने एक तर भिंतीला लागेल, नाहीतर व्हॅनवर येईल. दहा माणसं आणि गाव्रो.

घड्याळात अकराला वीस कमी होते. गाव्रो माणसं भरून निघालाही असणार. त्याने फोन लावला. एकदा वाजून कट झाला. पुन्हा लावला, पुन्हा कट. वुकोटाचं नाव बघून गाव्रो फोन उचलेल असं त्याला स्वतःलाही वाटलं नव्हतं.

"स्ताना! तू लाव त्याला! लवकर!"

"काय झालं?"

"दिवे उलटे लावून दिलेत मी! लाव ना!"

स्तानाने लावला आणि कानापासून फोन दूर धरला. "लागत नाहीये. कड्यात शिरला असणार."

वुकोटाने पेचकस खिशात टाकला, जुन्या लाल गाडीत बसला आणि निघाला. नदी डावीकडे खोल, कडा उजवीकडे अंगावर आलेला. त्याने त्या रस्त्यावर आयुष्यात इतक्या जोरात गाडी मारली नव्हती. पहिले दोन बोगदे आखूड, आरपार दिसणारे. त्यांची काळजी नव्हती. लांब बोगदा पुलाच्या पलीकडे होता. पुलाच्या अलीकडच्या वळणावर त्याला व्हॅन दिसली, आणि त्याने दिव्यांची उघडझाप सुरू केली, हॉर्नवर तळवा दाबून धरला.

व्हॅनने वेग वाढवला.

"अरे गाढवा!" वुकोटा एकटाच ओरडला. त्याला अगदी स्पष्ट कळलं होतं गाव्रोच्या मनात काय चाललंय. थोरला भांडायला आलाय, दहा माणसांसमोर, भररस्त्यात. थांबेन तर बापाचं नाव लावणार नाही. हे कळायला वुकोटाला काही कष्ट पडले नाहीत, कारण त्यानेही अगदी तेच केलं असतं. जितका मागे लागावं तितका हा पुढे पळणार, आणि पुढे तो बोगदा. मागे लागलो तरी मेलो आणि थांबलो तरी मेलो, असं झालं त्याला.

पुलावर दोन गाड्यांपुरती सरळ जागा होती. समोरून एक पांढरी गाडी येत होती. अंतर पुरेल की नाही हे बघायला वेळ नव्हता. वुकोटाने गाडी बाहेर काढली. व्हॅनच्या खिडक्यांतून चेहरे त्याच्याकडे वळले. पांढऱ्या गाडीचा हॉर्न कानाशी आला, आरसा आरशाला खटकन लागला आणि मोडला, आणि वुकोटा व्हॅनच्या पुढे आला. बोगद्याच्या तोंडाशी जरा रुंद जागा आहे, तिथे त्याने गाडी आडवी घातली.

व्हॅन करकचून थांबली. गाव्रो हातात चाकाचा पाना घेऊन उतरला. त्याच्यामागून शाळेच्या बाई दरिंका उतरल्या, आणि खिडकीतून योका आजीने मुंडकं बाहेर काढलं.

"बाई," गाव्रो दरिंकाबाईंना म्हणाला, "विचारा या माणसाला, याला वेड लागलंय का?"

"वेड लागलंय का विचारतोय," बाई घाबरून म्हणाल्या.

वुकोटाने बाईंकडे पाहिलंच नाही.

"गाव्रो," तो म्हणाला. "चकती कुठंय?"

सहा वर्षांनी पहिल्यांदा त्याच्या तोंडून ते नाव त्या नावाच्या माणसासमोर निघालं होतं. गाव्रोचा पाना खाली आला. व्हॅनपाशी जाऊन त्याने आत हात घातला. चकतीवरचे आकडे कधीचे झिजून गेले होते. त्याने अंगठ्याने ती वर ढकलून पाहिली, खाली ढकलून पाहिली. खाली जागाच नव्हती.

"तीनवर," तो म्हणाला. बाईंना नाही. वुकोटाला. "कायम तीनवरच असते रे. मागं कायम माणसं असतात." आणि मग त्याला कळलं. सकाळचे ते वर वर जाणारे दिवे त्याने आतूनच पाहिले होते. त्याने बोगद्याकडे पाहिलं, मग खिडकीतल्या योका आजीकडे. "मी आत चाललो होतो," तो म्हणाला. "यांना घेऊन."

"चूक माझी," वुकोटा म्हणाला. "मी हात घालून बघायला हवं होतं. बॉनेट उघड."

"तू विचारलं होतंस."

"बॉनेट उघड म्हणतो ना!"

वुकोटाने गाडी बाजूला घेतली. इथे भिंत नव्हती, रेघ नव्हती, किती आटे उलटे घ्यायचे याचाही हिशोब नव्हता. अंधारात कुणीतरी दिव्यांसमोर उभं राहून उजेड कुठे पडतोय ते सांगायला हवं होतं. माणसं आत बसूनच राहिली, म्हणजे ओझं होतं तसं राहिलं. गाव्रो न सांगता बोगद्यात चालत गेला, दहा-बारा पावलं आत गेला आणि दिव्यांकडे तोंड करून उभा राहिला. बाईंनी गाव्रोच्या जागी बसून दिवे लावले. गाव्रोने झटकन हात डोळ्यांवर नेला.

"कुठं पडतोय?" वुकोटाने विचारलं.

"डोळ्यांवर! काही दिसत नाही!"

वुकोटाने डावा स्क्रू उलटा फिरवला. मग उजवा. "आता?"

"नाकावर."

"आता?"

"गळ्यावर. फिरव अजून."

तेवढ्यात बोगद्याच्या पोटातून घरघर आली. ट्रक. गाव्रोची पाठ त्याच दिशेला होती. आवाज भिंतींवर आपटून सगळीकडून येत होता, त्यामुळे तो किती जवळ आहे हे गाव्रोला कळेना. तो भिंतीला चिकटला. वळणावरून ट्रक आला तो थेट व्हॅनच्या उजेडात, आणि वुकोटाने पाहिलं की ड्रायव्हरने कोपर डोळ्यांवर आडवं धरलंय आणि ट्रकचं तोंड हळूहळू भिंतीकडे वळतंय. ज्या भिंतीला त्याचा भाऊ चिकटलेला होता, त्याच भिंतीकडे.

"दिवे! बाई, दिवे बंद!" बाईंना घाईत बटण सापडेना. वुकोटाने अंगातला कोट एका दिव्यावर फेकला आणि दुसऱ्यावर स्वतःची पाठ टेकवून उभा राहिला. काच शर्टातून भाजत होती. समोर अंधार झाला. अंधारात ब्रेकची किंकाळी, हवेचा सुस्कारा, भिंतीवर लोखंड घासल्याचा आवाज. मग ट्रक सावकाश सरळ होऊन बाहेर आला आणि आईबापाचा उद्धार करत निघून गेला.

"गाव्रो?"

ट्रकचा आवाज पुलापलीकडे विरून गेला.

"गाव्रो!"

वुकोटाला आयुष्यात इतकी भीती कधीच वाटली नव्हती, बाप जातानाही नाही. तो आत धावणार इतक्यात अंधारातून खोकला ऐकू आला. गाव्रोच्या खांद्यावर भिंतीची काळी धूळ होती आणि बाही फाटून लोंबत होती. त्याने बाही पाहिली, मग पुन्हा जिथे उभा होता तिथेच जाऊन उभा राहिला.

"कोट काढ दिव्यावरचा," तो म्हणाला. "गळ्यावर होता. फिरव."

वुकोटाने डोळे पुसले आणि पेचकस लावला. "आता?"

"छातीवर."

"आता?"

"पट्ट्यावर."

"नीट बघ. आता?"

"गुडघ्यांवर. दोन्ही गुडघ्यांवर. आता तुझा चेहरा दिसतोय मला," गाव्रो म्हणाला. "म्हातारा झालायस."

योका आजी खिडकीतून म्हणाली, "झालं असेल तर निघा आता, मला बाथरूमला जायचंय." कुणी हसलं नाही. गाव्रोने कोट उचलला, झटकला आणि वुकोटाच्या खांद्यावर टाकला. त्याचा हात तिथे क्षणभर जास्त राहिला. मग तो व्हॅनमध्ये बसला, आणि व्हॅन बोगद्यात शिरली. तिचे मागचे लाल दिवे वळणाआड गेले.

वुकोटा जागचा हलला नाही. काम बरोबर झालंय हे त्याला ठाऊक होतं, तरी समोरून कुणीतरी धड बाहेर आल्याशिवाय त्याला जायचं नव्हतं. तो कान देऊन उभा राहिला. एक मिनिट गेलं. दोन गेली. मग बोगद्यातून एक छोटी निळी गाडी बाहेर आली. व्हॅन तिला आतच भेटली असणार. चालवणारी बाई दोन्ही हात चाकावर ठेवून, डोळे सताड उघडे ठेवून रस्त्याकडे बघत होती. कटकट नाही, शिव्या नाहीत.

रस्त्याकडेला मोडक्या आरशाची गाडी आणि तिच्याजवळ रडणारा म्हातारा बघून तिने काच खाली केली. "काय झालं हो? अपघात झाला का?"

"नाही," वुकोटा म्हणाला. "आत्ता गेला ना, तो माझा भाऊ."