सूदात नको, मुद्दलात

मित्रांनो, मला पाहून तुम्ही नाक मुरडाल. मी एक जुनी पिशवी आहे, हिरव्या ताडपत्रीची. माझा रंग उडाला आहे, तळाला ग्रीसचे डाग आहेत आणि एक बंद दुसऱ्यापेक्षा बोटभर लांब आहे. पण गेली काही वर्षं एका घराचे सगळे कागद माझ्या पोटात आहेत. त्या कागदांनी एका भल्या माणसाला कसं हतबल केलं, ते मी जवळून पाहिलं. तेच तुम्हाला सांगायचं आहे.

माझा जन्म जुन्नरचा. जैबुन्निसा नावाच्या बाईंनी टेम्पोवरची फाटकी ताडपत्री विकत घेतली, तिचा बरा भाग कापला आणि पायमशीनवर मला शिवलं. ताडपत्री इतकी जाड की तीन सुया मोडल्या. त्यांचा मुलगा परवेज तेव्हा वीस-एकवीस वर्षांचा होता. विहिरीवरच्या मोटारी दुरुस्त करायचं काम तो नुकताच शिकला होता. जळालेल्या मोटारीतली तांब्याची तार काढायची, नवी तार मोजून भरायची आणि मोटार पुन्हा फिरती करायची, हे त्याचं काम. त्याच्या हत्यारांसाठी मी जन्माला आले.

माझे ते दिवस फार चांगले गेले. पक्कड, पाने, तारेची बंडलं पोटात घेऊन मी परवेजच्या स्कूटरला लटकून कळंबपासून डिंगोऱ्यापर्यंत फिरले. शेतावरची माणसं मला हात लावून बघायची. "पिशवी लई दणकट हाय राव, कुठनं घेतली?" असं कोणी विचारलं की परवेज म्हणायचा, "अम्मीनं शिवलीय." मला तेव्हा फार बरं वाटे.

पुढे परवेजचं लग्न झालं, उजमा घरात आली. नारायणगावात भाड्याचा गाळा घेऊन त्याने दुकान टाकलं. जुन्नरची भाड्याची खोली मात्र तीच होती, आणि घरमालक दर अकरा महिन्यांनी भाडं वाढवायचा. एक दिवस वारूळवाडीत नवी इमारत उभी राहिली. दोन खोल्या, स्वयंपाकघर आणि संडास घरातच. किंमत एकवीस लाख. परवेज आणि उजमाजवळ सहा लाख होते. उरलेले पंधरा लाख एका गृहकर्ज देणाऱ्या कंपनीने द्यायचं कबूल केलं. वीस वर्षं, महिन्याला तेरा हजार नऊशे ब्याऐंशी.

अम्मींच्या मनात नव्हतं. "बेटा, आपल्यात सूद घेणं नाय आन देणंबी नाय," त्या म्हणाल्या. सूद म्हणजे व्याज.

"अम्मी, भाडं भरतोच की आपण. त्यात अजून थोडं घातलं की घर आपलं."

म्हातारपणी अम्मींनाही स्वतःचं छप्पर हवंच होतं. परवेजने सह्या केल्या. किती केल्या ते मी मोजलं नाही, पण शाई संपून दुसरा पेन मागवावा लागला. कागद इंग्रजीत होते. वीस वर्षांत एकूण किती भरावे लागतील, हे त्याने विचारलं नाही आणि कोणी सांगितलंही नाही. सगळे हप्त्याबद्दलच बोलत होते, आणि हप्ता झेपत होता.

त्या दिवसापासून माझं काम बदललं. परवेजने हत्यारांसाठी पाठीवरची नवी सॅक घेतली आणि माझ्यात घराची फाईल ठेवून मला कपाटाच्या मागे खिळ्याला अडकवलं. सहा वर्षं मी तिथे लोंबकळले. हप्ता बँकेतून आपोआप जाई. कंपनीची पत्रं येत आणि न फोडताच माझ्यात पडत. धूळ बसली, एक पाल अंडी घालून गेली. कोणी मला झटकलंसुद्धा नाही.

एकदा मोठी मोटार काढायला डिंगोऱ्याला जायचं होतं. जास्तीची हत्यारं सॅकमध्ये मावेनात, म्हणून परवेजने मला खिळ्यावरून काढलं आणि फाईलसकट बरोबर घेतलं. मोटार संपतभाऊंची होती. संपतभाऊ पतसंस्थेत आयुष्यभर लेखनिक होते, आता निवृत्त होऊन घरचं बघत. चहा पिताना परवेजने पाना काढायला मला उलटं केलं आणि पत्रं विहिरीच्या कठड्यावर सांडली.

"पाकिटं फोडली न्हाईत व्हय रं?" संपतभाऊंनी चष्मा लावला. "बघू का?"

"बघा की, भाऊ. सहा वर्षं झाली. चौदा राहिली."

संपतभाऊंनी शेवटची दोन पत्रं वाचली. मग पुन्हा वाचली. मग पाकिटाच्या पाठीवर आकडे मांडले.

"परवेज, चौदा न्हाईत. एकोणीस राहिलीत."

"कसं शक्य हाय? एकबी हप्ता चुकला न्हाई माझा."

"तुझा चुकला न्हाई. त्यांचा दर बदलला. साडेनऊचा साडेअकरा झाला. हप्ता वाढवला असता तर तुला कळलं असतं. त्यांनी हप्ता तेवढाच ठेवला आन वर्षं वाढवली. त्याचंच पत्र हे."

परवेज हसला. त्याला वाटलं, भाऊंची बेरीज चुकली. संपतभाऊंनी त्याला जवळ बसवलं. "हे बघ. तू आतापत्तूर दहा लाख भरले. त्यातनं कर्ज फिटलं दोन लाख. आठ लाख व्याजात गेले. आता महिन्याच्या चौदा हजारांतले साडेबारा हजार नुसतं व्याज हाय. मुद्दलात दीड हजार जातात. दर असाच राहिला तर पंधरा लाखांचे तू बेचाळीस लाख भरणार."

परवेजच्या हातातला चहा निवला. "म्हंजी मोटार फिरतीय, आवाज करतीय, लाईट खातीय," तो हळूच म्हणाला, "आन पाणी वर येतच न्हाई."

"आसंच."

"मग करू काय भाऊ? विकू?"

"विकून जाशील कुठं? एक कर. जमेल तेव्हा थोडी रक्कम एकदम मुद्दलात भर. आता लाख-सव्वा लाख भरलेस तर पाच-पाच वर्षं उडतात. पण भरताना लेखी अर्ज दे, मुद्दलात जमा करावे म्हणून, आन त्याची शिक्का मारलेली पोच घे. तोंडी बोलण्यावर जाऊ नको." अर्जाचा मसुदाही त्यांनीच लिहून दिला.

परवेजने त्या रात्री हे उजमाला सांगितलं. पलंगावर पडलेल्या अम्मींनी सगळं ऐकलं. त्यांच्याजवळ पोस्टात एक लाख चाळीस हजार होते. गोधड्या आणि पिशव्या शिवून त्यांनी ते अकरा वर्षांत जमवले होते, उमऱ्यासाठी, म्हणजे मक्का-मदिनेच्या यात्रेसाठी. पासपोर्टही निघाला होता. येत्या थंडीत मोहल्ल्यातल्या बायकांबरोबर त्या जाणार होत्या.

चार दिवसांनी त्यांनी पैसे काढून आणले आणि परवेजपुढे ठेवले.

"अम्मी, हे न्हाई घेणार मी."

"डोक्यावर कर्ज ठेवून मी अल्लाच्या दारात कुठल्या तोंडानं जाऊ?" अम्मी म्हणाल्या. "पण एक ऐक. हा पैसा सूदात जाता कामा नये. मुद्दलात गेला पायजे. तेवढं बघ."

"मुद्दलातच जाईल अम्मी."

संपतभाऊंच्या मसुद्यावरून उजमाने सुवाच्य अक्षरात अर्ज लिहिला. पैसे आणि अर्ज माझ्यात ठेवून परवेज कंपनीच्या शाखेत गेला. महिनाअखेर होती, रांग लांब होती. काउंटरवर श्रेया नावाची नवीनच लागलेली मुलगी होती.

"मॅडम, हे कर्जात भरायचेत. मुद्दलात. हा अर्ज आणलाय."

"अर्जाची गरज नाही काका, आपला फॉर्म आहे ना. पैसे तुमच्याच लोनला जाणार आहेत." तिने इंग्रजी फॉर्म पुढे सरकवला आणि पेन्सिलीने खूण केली. "इथे सही करा."

"मुद्दलातच जातील ना?"

"हो हो, तुमच्याच खात्यात." मागच्या माणसाने पुढे हात घातला होता. परवेजने सही केली. अर्ज माझ्यातच राहिला. मला बोलता आलं असतं तर मी तिथेच ओरडले असते.

घरी आल्यावर अम्मींनी पहिला प्रश्न केला, "गेले ना मुद्दलात?"

"गेले, अम्मी." तेव्हा त्यालाही ते खरंच वाटत होतं. अम्मींनी दोन्ही हात चेहऱ्यावरून फिरवले आणि पासपोर्ट कपड्यांखाली ठेवून दिला.

पुढच्या महिन्यात बँकेतून हप्ता गेला नाही. परवेज घाबरून शाखेत धावला. श्रेयाने संगणकात पाहिलं आणि हसून म्हणाली, "काका, तुम्ही दहा हप्ते आगाऊ भरलेत की! दहा महिने टेन्शन नाही. वर एकशे ऐंशी रुपये जमा आहेत."

परवेज काउंटरला धरून उभा राहिला. "मी मुद्दलात म्हणालो होतो, मॅडम. दोनदा म्हणालो."

श्रेयाचा चेहरा उतरला. तिने फॉर्म काढला. पेन्सिलीची खूण आगाऊ हप्त्यांच्या चौकोनात होती, आणि शेजारी परवेजची सही होती. "माझ्याकडून चुकलं, काका," ती रडवेली होऊन म्हणाली. ती स्वतः त्याला साहेबांकडे घेऊन गेली. साहेब म्हणाले, नोंद झाली आहे, आता वरूनसुद्धा बदलणार नाही. परवेजने तक्रार लिहिली. चाळीस दिवसांनी उत्तर आलं: ग्राहकाने सही केलेल्या फॉर्मप्रमाणे रक्कम जमा केली आहे. बस. अम्मींच्या पैशातला बहुतेक पैसा सूदातच गेला होता.

परवेजने ते पत्र माझ्यात अगदी तळाशी घातलं. त्या दिवशी तो जेवला नाही. "पोट बिघडलंय," म्हणाला. अम्मींना सांगायचं त्याचं धाडस झालं नाही, आणि उजमालाही त्याने शपथ घातली.

मग त्याने ठरवलं की ज्या दहा महिन्यांत हप्ता जाणार नाही, त्यातला प्रत्येक हप्ता बाजूला काढायचा आणि मुद्दलात भरायचा. म्हणजे बोललेलं खोटं हळूहळू खरं होईल. पहिले चार महिने त्याने काढले. माझ्या आतल्या कप्प्यात छप्पन्न हजार साठले. मग पाऊसकाळ आला. विहिरी भरल्या की मोटारी कमी चालतात आणि कमी जळतात. दुकान ओस पडलं. गाळ्याच्या मालकाने अनामत वाढवून मागितली, न दिल्यास गाळा खाली करा म्हणाला. उरलेल्या सहा महिन्यांतला एक रुपयाही माझ्यापर्यंत पोचला नाही. साठलेल्या छप्पन्न हजारांना मात्र त्याने हात लावला नाही. एकदा हात कप्प्यात घातला होता, पण पुन्हा मागे घेतला.

दहावा महिना संपताना तो पुन्हा शाखेत गेला. या वेळी अर्ज आधी आणि पैसे नंतर. शिक्का बसल्याशिवाय तो काउंटरवरून हलला नाही. श्रेयाने स्वतः शिक्का मारला आणि पोच दोनदा वाचून दाखवली. छप्पन्न हजार मुद्दलात गेले, आणि अडीच वर्षं कमी झाली.

त्या संध्याकाळी पोच टेबलावर राहिली. अम्मींनी ती उचलली आणि उजमाला म्हणाल्या, "वाच गं जरा." परवेज दारातच उभा होता. उजमाने त्याच्याकडे पाहिलं, पण आता वाचण्याखेरीज इलाज नव्हता.

"छप्पन्न हजार. मुद्दलात जमा."

"आन माझे एक लाख चाळीस?"

परवेज अम्मींच्या पायाशी बसला आणि त्याने सगळं सांगितलं. फॉर्म, पेन्सिलीची खूण, तळाशी लपवलेलं पत्र, सगळं. चाळिशी ओलांडलेला माणूस लहान मुलासारखा हुंदके देत होता.

अम्मी म्हणाल्या, "मला तवाच वाटलं व्हतं. पोट बिघडलेला माणूस भिंतीकडं तोंड करून न्हाई बसत."

"मग विचारलं का न्हाई अम्मी?"

"विचारून काय केलं असतं मी? तू काय केलं असतंस?" त्यांनी त्याच्या डोक्यावर हात ठेवला. नंतर त्या उठून आतल्या खोलीत गेल्या. दार लावून घेतलं. त्यांचं रडणं मी ऐकलं. मोहल्ल्यातल्या बायका थंडीत जाऊन परतही आल्या होत्या. अम्मी आता एकाहत्तर वर्षांच्या आहेत आणि त्यांचे गुडघे सुजतात.

मित्रांनो, ते घर अजून पुरतं त्यांचं झालेलं नाही. सोळा वर्षं बाकी आहेत. मला दुरुस्त करायला कोणाला वेळ नाही, आणि मी रागावलेही नाही. पण तुमच्या घरी असे कागद असतील तर त्यांना खिळ्यावर लोंबकळत ठेवू नका. आलेलं पाकीट त्याच दिवशी फोडा. हप्ता झेपतो का एवढंच विचारू नका. एकूण किती जाणार, दर बदलला तर काय होणार, आणि भरलेला पैसा कुठे जमा होणार, हेही विचारा. उत्तर लेखी घ्या. न समजलेल्या कागदावर सही करू नका, मागे कितीही लांब रांग असली तरी. तुमच्या मागचा माणूस पाच मिनिटं थांबेल. परवेजच्या अम्मींना मात्र आता फार थांबता येणार नाही.