वहिनीच्या कपाटातली लादी

वहिनी खोटं बोलत होती, एवढं मला नक्की कळत होतं. काय खोटं बोलत होती ते मात्र कळत नव्हतं, आणि त्यानेच माझी झोप उडाली होती.

आमचा धंदा जिवट मातीच्या लाद्या करण्याचा. वडिलांच्या मागे कारखाना मी आणि दादाने चालवला. ही माती ओली असताना तिच्यावर ज्याचा उघडा तळवा शेवटचा टेकतो, त्याची ऊब ती धरून ठेवते. माणूस जिवंत आहे तोवर लादी कोमट, त्याला ताप आला की तापलेली, आणि तो गेला की दगडासारखी गार. खाणीच्या फाटकाशी आत उतरलेल्यांच्या लाद्यांची अख्खी भिंत असते. कुणाला वर यायला उशीर झाला की घरची माणसं तिच्यावर हात ठेवून उभी राहतात. कचेरीत मृत्यूचा दाखला मागायला जा, आधी लादी दाखवा म्हणतात.

दादा जहाजावर कामाला गेला तो आपली लादी मागे ठेवून. पुढच्या खोलीतल्या फडताळावर ती असायची, येता-जाता कुणीही हात लावावा. त्याची पत्रं बंद झाली तेव्हा आम्हाला तिचाच धीर होता. मागच्या हिवाळ्यात मी तापाने फणफणून अंथरुणाला खिळले आणि उठून बघते तर फडताळ रिकामं. लादी शालीत गुंडाळून वहिनीच्या कपाटात गेली होती आणि किल्ली तिच्या कमरेला. विचारलं तर म्हणे धूळ बसते. मातीला धूळ बसते म्हणून तिला कुलपात ठेवतात, हे मी आयुष्यात पहिल्यांदा ऐकलं.

रोज जेवणाआधी ती लादी आईच्या हातात आणून द्यायची. आई ती गालाला लावायची, बरा आहे गं माझा मुलगा, म्हणायची आणि मगच घास घ्यायची. मी हात पुढे केला की वहिनी शाल ओढून घ्यायची. तुमचे हात मातीचे आहेत, ताई, म्हणायची. आणि हे कपाट कुठे, तर स्वयंपाकघरात, शेगडीच्या अगदी बाजूला.

इथेच पाणी मुरत होतं. लादी गार निघाली तर दादाचा वाटा कायद्याने माझ्याकडे येणार आणि वहिनीला माहेरी भावजयीच्या हाताखाली राहावं लागणार. म्हणजे दादा कधीच गेला होता आणि ही बाई लादी शेकून शेकून आम्हाला खेळवत होती. वाट्याचं मला काही नव्हतं. पण दादा गेला असेल तर मला रडायचं होतं, आणि ही मला रडूही देत नव्हती. मी तिच्यावर डोळ्यांत तेल घालून पाळत ठेवली. ती पण पक्की, ताकास तूर लागू देईना.

एका दुपारी ती न्हायला गेली आणि किल्ली खुंटीवर राहिली. मी लादी काढली आणि थेट मागच्या कारखान्यात नेली. या लाद्या सावलीत वाळवतात, त्यामुळे तिथे आम्ही विस्तव कधी नेतच नाही. ओलसर फरशीवर ती ठेवली आणि समोर बसले. निवली की वहिनीला काय काय ऐकवायचं, ते सगळं मनात जुळवून ठेवलं.

लादी निवली नाही. फरशी गारठलेली, माझे पाय बधिर झालेले, आणि लादी तशीच कोमट. माझा जीव भांड्यात पडला. दादा होता. मी ती छातीशी धरून ढसाढसा रडले.

वर पाहिलं तर दारात वहिनी, केसांतून पाणी निथळत होतं. मी सगळं कबूल केलं, काय काय संशय घेतला तेही सांगितलं, तिची माफी मागितली. तिला आनंद व्हायला हवा होता. ती मटकन समोर बसली.

"ताई, मागच्या हिवाळ्यात तुम्हाला ताप भरला तेव्हा ही लादी हातात धरवत नव्हती," ती म्हणाली. "मला वाटलं, ह्यांचं आता काही खरं नाही. तुम्हाला घाम सुटून ताप उतरला, तेव्हाच हीसुद्धा उतरली."

मी काहीतरी बोलू लागले, तिने मला थांबवलं.

"ह्यांनी हात टेकवल्यानंतर हिला कोण शिवलं होतं?"

तळवा टेकला की लादी वाळेपर्यंत तिला हातमोज्याशिवाय शिवायचं नाही, हा आमच्याकडचा पहिला नियम. त्या दिवशी निघता निघता दादाच्या पिशवीचा बंद तुटला. गाठ मारायला मी हातमोजे काढले. तो गेल्यावर लादी फळीवर ठेवताना तिच्या कडेला मातीचा ओघळ दिसला. ओघळ दिसला की आमचा हात विचारायला थांबत नाही. मी ती उघड्या तळव्यावर घेतली आणि अंगठ्याने कड साफ केली.

"म्हणजे दादा?" मी विचारलं.

"माहीत नाही. मला काहीच माहीत नाही, ताई. आईंना कळलं तर त्यांचं अन्न तुटेल. आणि तुम्हाला सांगितलं असतं, तर तुमच्या तोंडावरूनच त्यांना कळलं असतं."

ते खरं होतं. माझ्या पोटात काही राहत नाही, हे घरात सगळ्यांना ठाऊक आहे.

आतून आईची हाक आली, लादी कुठे आहे म्हणून. वहिनी उठू लागली, पण मीच तोंड पुसलं आणि लादी आत घेऊन गेले. आईने ती गालाला लावली आणि कपाळाला आठी घातली.

"आज जरा कढत लागते गं. धावपळ चाललेली दिसते त्याची."

"कामात असेल," मी म्हटलं. आवाज सरळ निघाला, माझं मलाच नवल वाटलं.

आईने लादीवरून हात फिरवला. "जपून राहा रे बाळा," ती लादीला म्हणाली.

तेव्हापासून मी जपून राहते. ओल्या फरशीवर धरून चालते, पावसात भिजत नाही. आणि मला जराशी कणकण आली की वहिनी आधी माझ्या कपाळाला हात लावते, मग कपाटाची किल्ली शोधते.