बाहेरून कुलूप

बंगळूरमध्ये मराठी बोलायला माणूस नाही म्हणून सुलभा पहिला महिनाभर रडली. मग मल्लेश्वरमच्या त्या गल्लीत शेजारच्या गंगव्वा भेटल्या आणि तिला बोलणं नकोसं झालं. निपाणीकडच्या या म्हाताऱ्या बाई जेवणं उरकली की यायच्या आणि चहा होईपर्यंत हलायच्या नाहीत. मूल का नाही, सासू काय म्हणते, सगळं विचारायच्या. पुण्याच्या सुलभाला ते सोसेना.

"उद्या बाहेरून कुलूप लावून जा," तिने नवऱ्याला सांगितलं. "घरात कुणी नाही असं वाटू दे."

विद्याधरला हे पटलं नव्हतं. पण सकाळी कारखान्याची बस गाठायची होती आणि बायकोशी वाद घालायला वेळ नव्हता. एकुलत्या एक दाराला कुलूप घालून तो किल्ली घेऊन गेला.

दुपारी पायरीवर गंगव्वांची चाहूल लागली. सुलभा पुढच्या खोलीत श्वास रोखून बसली. कुलूप पाहून म्हातारी परत जाईल असं तिला वाटलं होतं. गंगव्वा मात्र पायरीवरच टेकल्या. बंद घराला राखण नको का? आत स्टोव्हवरचं दूध सुलभा साफ विसरली. करपल्याचा धूर खिडकीतून बाहेर आला, तशी गंगव्वांनी कुलूप फोडायला दगड उचलला. आता तोंड दाखवणं भागच होतं.

"मी आहे आत," सुलभा खिडकीशी येऊन म्हणाली. "दूध करपलं फक्त."

गंगव्वांनी तिच्याकडे पाहिलं, मग कुलपाकडे. "कोंडून जातोय व्हय तुला?"

नाही म्हणायचं तर पुढचंही सांगावं लागलं असतं. सुलभा करपलेलं भांडं उतरवायला वळली.

"बसतो मी हितंच. एकटी भिशील."

संध्याकाळपर्यंत त्या बसल्या. गजांतून केळी दिली, पण एक प्रश्न विचारला नाही. सुलभाला तेच जास्त लागलं.

विद्याधर येताच म्हातारी उठली. "शिकल्यालं माणूस तुम्ही. बायकोला कोंडता? आग लागली असती तर? किल्ली उद्यापास्नं माझ्यापाशी."

सुलभा आता सांगेल म्हणून विद्याधर जरासा थांबला. ती खिडकीशी केळ्यांच्या साली गोळा करत राहिली. त्याने मान खाली घालून किल्ली गंगव्वांच्या हातावर ठेवली.

कुलूप त्यांनीच काढलं आणि सुलभाला पोटाशी धरलं. स्वतःची लाज वाटून तिला रडू फुटलं. गंगव्वांनी तिच्या डोक्यावरून विद्याधरकडे रागाने पाहिलं. ते रडणंही त्याच्याच नावावर गेलं.