ऑगस्टातला पंचनामा

साहेब, झेदाखेवीचा उतार तुम्ही मारलात. सुरुंग अजून लागायचा आहे, पण मारलात तुम्हीच, आणि तेही जागेवर जाऊन, पोटभर जेवून. मी तिथे होतो. आपल्या वनस्पती-संस्थेची गाडी मीच चालवतो.

लामारा कुरतानिद्झे बाईंना मी बावीस वर्षं डोंगरात नेलं-आणलं. तुम्ही दोघं तिबिलिसीच्या विद्यापीठात एकाच वर्गात होतात. तुम्ही अभ्यासाला द्राक्षं घेतलीत, कारण द्राक्षामागून वाइन येते आणि वाइनमागून मंत्री. बाईंनी कंद घेतले. कंदामागून गुडघेदुखी येते, बाकी काही नाही. तुम्ही संचालक झालात आणि भर बैठकीत त्यांना ‘कांदेवाली’ म्हणू लागलात. तुमचे चमचे हसायचे. द्राक्षांवर तुम्ही आजवर काय शोधलंत, ते मला कुणी सांगितलेलं नाही.

शहरात वीज नव्हती त्या हिवाळ्यात तुम्ही संस्थेतली नमुन्यांची कपाटं फोडून शेगडीत घातलीत. बाईंनी आपले कंद घरी नेऊन पलंगाखाली बटाट्यांशेजारी ठेवले. सासूने त्यातले दोन कांदे समजून घेवड्याच्या कालवणात चिरले आणि अख्खं घर दोन दिवस ओकत राहिलं. बाईंनी वहीत लिहिलं, ‘विषारी. सासूबाईंनी सिद्ध केलं.’ तुमच्या शेगडीची नोंद कुठल्या वहीत आहे?

झेदाखेवीच्या दक्षिण उतारावर बाईंना तो निळा रानकांदा सापडला. फूल अंगठ्याच्या नखाएवढं, पाकळीवर पांढरी रेघ. जगात दुसरीकडे कुठे नाही. बी पडल्यापासून फूल यायला सात वर्षं लागतात. दर एप्रिलात बाई खुंट्या ठोकून, दोऱ्या बांधून, रांगत रांगत एकेक झाड मोजायच्या. गेल्या एप्रिलात चारशे अकरा भरली. गिगला धनगर त्यांच्यासाठी मे उजाडेपर्यंत मेंढ्या खाली रोखून धरायचा. तो एकदा म्हणाला, “बाई, चर्चमध्येसुद्धा तुम्ही एवढे गुडघे टेकले नसतील.”

“चर्चमध्ये मोजायला काय आहे, गिगला?”

त्याच एप्रिलात संस्थेचा वर्धापनदिन होता. बाईंनी उतारावरून एक झाड कंदासकट आणलं होतं. कॅमेरे आले तसे तुम्ही ते त्यांच्या हातातून घेतलंत आणि नमुना म्हणून स्वतः कागदात दाबलंत. कंद दाबण्याआधी उकळत्या पाण्यात बुडवून मारावा लागतो, नाहीतर तो कागदातही जगत राहतो. बाईंनी हे हळूच सांगितलं. तुम्ही म्हणालात, “मला शिकवू नका, बाई.” मग चिठ्ठीवर सुवाच्य अक्षरात लिहिलंत: स्थळ झेदाखेवी, दक्षिण उतार. शोधक म्हणून स्वतःचं नाव आणि खाली सही.

जूनमध्ये खडीच्या खाणीसाठी कुणीतरी तोच उतार मागितला. दुर्मीळ झाड असेल तर खाण नाही, असा कायदा आहे. पाहणी समितीचे प्रमुख तुम्ही. बाईंनी तीन पत्रं लिहिली की एप्रिलपर्यंत थांबा, उन्हाळ्यात कंद जमिनीखाली झोपलेला असतो, वर पानसुद्धा राहत नाही. पण एप्रिलात तिथे चिखल असतो आणि ऑगस्टात पीच पिकतात. तुम्ही एकोणीस ऑगस्टला निघालात.

गावाने बिचाऱ्याने वासरू कापलं. सतरंज्या नेमक्या त्या उतारावर, तुतीच्या सावलीत अंथरल्या. पेला कुणाच्या नावाने उचलायचा हे सांगणारा तमादा अर्थात तुम्हीच. पहिला पेला देवाच्या नावाने, मग पूर्वजांच्या, मग यजमानांच्या. पाचवा धरणीमातेच्या नावाने उचललात, डोळ्यांत पाणी आणून. बाईंनी आपला पेला खाली ठेवला.

“साहेब, तुमच्या सतरंजीखाली साठ-सत्तर तरी आहेत.”

तुम्ही ताटाचा काठ उचलून खाली डोकावलंत. “दिसत तर नाहीत, बाई.”

“ऑगस्टात कसे दिसतील? खणून बघा.”

“या पँटमध्ये?”

समिती हसून लोळली. तोंड पुसून तिथेच पंचनामा झाला: ‘सदर वनस्पती आढळली नाही.’ सही तुमची, कागदाला वासराची चरबी. वनस्पतिशास्त्राच्या डॉक्टराला जे कळलं नाही ते गिगलाच्या मेंढ्यांना कळतं. एप्रिलात त्या तिथे तोंड घालायला धडपडतात, ऑगस्टात ढुंकून बघत नाहीत.

या फेब्रुवारीत बाईंनी नमुन्यांचं कपाट उघडलं. तुम्ही दाबलेल्या कागदातून फिकट देठ बाहेर आला होता आणि त्यावर एक निळं फूल होतं. पाण्याविना, मातीविना, अंधारात.  बाई तो कागद दोन्ही हातांवर धरून तुमच्या खोलीत आल्या. मी तुमच्या टेबलावर चहा ठेवत होतो. तुम्ही फूल पाहिलंत, चिठ्ठी वाचलीत, दार लावून घेतलंत.

“ओतिया, किटलीत पाणी उकळ. हे त्यात बुडव आणि परत दाब. चिठ्ठी नवीन लावू.”

दहा महिन्यांनी तुम्हाला नियम आठवला, साहेब.

पाणी मी उकळलं. त्याचा चहा करून प्यायलो. कंद आता बाईंच्या स्वयंपाकघराच्या खिडकीत, वाटाण्याच्या डब्यात आहे. चिठ्ठी माझ्याकडे आहे. मला नोकरीवरून काढा, गाडीची किल्ली टेबलावरच आहे.

खाण एक एप्रिलला सुरू होते. बाई अडुसष्ट वर्षांच्या आहेत. त्यांनी खुंट्या आणि दोऱ्या पिशवीत भरून ठेवल्यात, चारशे अकरा मोजायला त्या जाणार आहेत, सुरुंग असो नसो. त्यांना मीच नेणार, भाच्याच्या गाडीतून.

त्याआधी लेखी सांगा. एप्रिलात त्या उतारावर झाड तुम्हीच शोधलंत. ऑगस्टात त्याच उतारावर ते नाही, हेही तुम्हीच लिहिलंत. दोन्हींखाली तुमचीच सही आहे. यातली खोटी कोणती?