तीन झाकणं

"वहिनी, जनावरांना एवढं शिकवलंस, तुझ्या जिभेलाही काहीतरी शिकव," हद्दू भर खळ्यावर म्हणाला.

"माझी जीभ जागेवर आहे, भावजी. तुमचे हात कुठे कुठे पोचतात ते बघा."

बायका तोंडावर हात धरून हसल्या. हद्दू मात्र हसला नाही.

इत्तोचा नवरा वारल्याला वर्ष होत आलं होतं. खेचर, गाढव आणि बकरी आपल्या बापाची, म्हणून आपली, असं तिचा दीर हद्दू म्हणत होता. नवऱ्याने स्वतःच्या कष्टाने घेतली, असं इत्तो म्हणत होती. साक्षीला कोणी नव्हतं. अशा वेळी ऍटलस डोंगरातल्या त्या गावाची रीत होती: जनावरं खळ्यावरून मोकळी सोडायची. ती आपल्या पायांनी ज्याच्या अंगणात जातील, त्याची. इत्तोचे जव कापून पडले होते. खेचर गेलं तर मळणी कशाने करणार?

पण तिला धास्ती नव्हती. एकटीला तिघं आवरेनात, तेव्हा तिने अंगणाच्या भिंतीवर तीन झाकणं टांगली होती. खेचराला निळं, गाढवाला लाल, बकरीला सार्डिनच्या डब्याचं. आपापल्या झाकणाला नाक लावून उभं राहिलं की मूठभर दाणे. दुसऱ्याच्या झाकणाला लावलं तर काही नाही. अख्खा हिवाळा गेला, पण काठी न उगारता तिघं ओळीने उभी राहू लागली. गाव आधी हसलं, मग बघायला येऊ लागलं. हद्दूही कुंपणावरून बघायचा.

म्हाताऱ्या मुखियाने दोर सोडले. खेचर पुढे, मागे दोघं. दोन्ही घरं शेजारी शेजारी, हद्दूचं अलीकडे. त्याच्या उघड्या फाटकापाशी खेचराने कान टवकारले आणि ते सरळ आत वळलं. गाढव गेलं. बकरीही.

इत्तो धावली. हद्दूच्या भिंतीवर तिचीच तीन झाकणं होती. ती पहाटे खळ्यावर गेल्यावर त्याने काढून आणली होती. तिघं नाक लावून निमूट उभी.

"बाबा, झाकणं माझी आहेत!" ती मुखियाला म्हणाली.

"मग झाकणं घेऊन जा की!" हद्दू म्हणाला. "निवाडा जनावरांचा होता. कोणी ओढलं का त्यांना?"

मुखियाने पागोटं सारखं केलं. "ओढलं नाही खरं," तो जमिनीकडे बघत म्हणाला. "रीत ती रीत, पोरी."

इत्तोला तेव्हा उमगलं. तिने त्यांना घर शिकवलंच नव्हतं.

खेचर हलेना म्हणून हद्दूने दांडा उचलला.

"मारू नका," ती म्हणाली. "सांगितलं तसं केलंय त्यांनी. दाणे दिल्याशिवाय हलायची नाहीत. आधी बकरीला द्या, नाहीतर ती गाढवाला ढुशा मारते. खेचराला डावीकडून. उजव्या डोळ्याने त्याला दिसत नाही."

"आता मला शिकवतेस?"

ओच्यातले जव काढून तिने तिघांना पाळीपाळीने दिले आणि मागे न बघता बाहेर पडली.

खळ्यावरून माणसं पांगली होती. इत्तोने बाह्या वर सारल्या, एक पेंढी उचलली आणि दगडावर आपटायला सुरुवात केली.