न उघडणारी फाइल

चष्म्याच्या दुकानाच्या मागच्या खोलीत बाबांचं राज्य होतं आणि राज्याचा कायदा एकच होता: जी वस्तू आपण कशासाठी आहोत हे सांगू शकत नाही, ती बाहेर. या कायद्याखाली आजवर बिनझाकणाच्या डब्या, बिनडब्यांची झाकणं आणि एकदा तर मीटर बघायला आलेल्या माणसाची बॅटरीही गेली होती. दुकान आता लेकीचं होतं. डोळे ती तपासायची, हिशेब ती बघायची आणि बाबांना 'स्वच्छता खातं' म्हणून चिडवायची. खात्याला हे नाव मनातून आवडायचं.

त्या शनिवारी सकाळी मात्र शटर वर करता करता ती म्हणाली, "बाबा, सोमवारपासून तुम्ही घरीच थांबा. काच कापायच्या नव्या यंत्राला माणूस लागत नाही आणि तुमचे गुडघे आता माझ्यापेक्षा जास्त कुरकुरतात."

"बरं," बाबा म्हणाले. एवढंच म्हणाले, पण त्यांना फार लागलं. उभी हयात त्यांनी या दुकानात काढली होती आणि आता ते इथे नकोसे झाले होते. रडारड त्यांच्या स्वभावात नव्हती. वाईट वाटलं की ते आवरायला घेत. त्यांनी कपाट आवरलं, खण आवरले, तारा गुंडाळल्या. आवरण्यासारखं काही उरेना, तेव्हा ते कॉम्प्युटरसमोर जाऊन बसले.

तिथे त्यांना ती फाइल दिसली. नाव गाडीच्या नंबरासारखं, ओळखू येईल असं चित्र नाही. त्यांनी क्लिक केलं. उघडेना. पुन्हा केलं. 'ही फाइल उघडता येत नाही,' असं कॉम्प्युटरने तोंडावर सांगितलं. बाबा काही अन्यायी नव्हते, त्यांनी तिला तिसरी संधीही दिली. मग तिची रवानगी कचरापेटीत झाली. 'नक्की का?' असं कॉम्प्युटरने विचारलं, पण असल्या प्रश्नांना बाबा भीक घालत नसत.

एरवी पुढच्या खोलीत लेकीने डोळे तपासले की नंबर आपोआप मागच्या कॉम्प्युटरवर यायचा आणि काच कापायचं यंत्र घरघरायला लागायचं. आज पहिलं गिऱ्हाईक तपासून झालं, दुसरं झालं, तरी यंत्र ढिम्म. शेवटी लेकीने मागे येऊन कंपनीतल्या प्रोग्रामर बाईंना फोन लावला आणि स्पीकर चालू केला.

"तुमच्याकडची लायब्ररी फाइल दिसत नाहीये," बाई म्हणाल्या. "तुमचा तपासणीचा प्रोग्राम एका कंपनीचा, कापणीचा दुसऱ्या कंपनीचा. त्यांना एकमेकांचं काही कळत नाही. एकाचं म्हणणं दुसऱ्याला समजेल असं करून सांगायचं, हे त्या फाइलचं काम. ती आपण उघडायची नसते, प्रोग्राम तिला परस्पर वापरतात. कोणी काही पुसलं का?"

लेकीने बाबांकडे पाहिलं. "स्वच्छता खात्याचं काय म्हणणं आहे?"

"खात्याने फक्त खण आवरलेत," बाबा म्हणाले. त्यांचे कान लाल झाले होते. कचरापेटीतून फाइल परत काढणं त्यांना चांगलं येत होतं. पण कबूल केलं असतं तर सोमवार लांबच, आत्ताच घरची वाट धरावी लागली असती. शिवाय यंत्राला आता माणूस लागणार होता. बाबांनी गुंडाळलेल्या तारा पुन्हा गुंडाळायला घेतल्या.

बाई शोधून कळवते म्हणाल्या. बाहेर बाकावर गिऱ्हाइकं खोळंबली होती. "मी इथून सांगते," लेक पुढच्या खोलीत जाता जाता म्हणाली, "तुम्ही ऐकून टाइप करा."

मधली भिंत प्लायवुडची होती.

"उजवा डोळा वजा दोन. डावा वजा दीड."

"वजा दोन, वजा दीड," बाबांनी पलीकडून म्हटलं आणि एका बोटाने टाइप केलं. "फ्रेम कुठली?"

"चौकोनी काळी."

"आवाजावरून तरी त्यांचा चेहरा गोल वाटतोय. चौकोनी नको."

पलीकडून गिऱ्हाईक बाई म्हणाल्या, "घरीसुद्धा हेच म्हणत होते." त्यांनी फ्रेम बदलली. बाकावरच्या एका गृहस्थांनी तक्रार केली, की आता माझा नंबर सगळ्या दुकानाला कळणार. शेजारच्या आजी म्हणाल्या, माझा तुमच्यापेक्षा जास्त आहे, लाजू नका. लेक हसायला लागली. तिला असं हसताना बाबांनी बऱ्याच दिवसांत ऐकलं नव्हतं. ते दुप्पट जोरात आकडे म्हणू लागले.

दुपारी ते घरी जाऊन घाईघाईने जेवून आले. फाइल सापडली तर, ही एकच धास्ती होती. पण परत आले तर लेक भिंतीआडून म्हणाली, "या. सगळं तुमच्यासाठी अडलंय." त्यांचा जीव भांड्यात पडला.

दुकान बंद व्हायच्या सुमारास मागच्या खोलीतला फोन वाजला. पुढे शेवटचं गिऱ्हाईक होतं, म्हणून बाबांनीच उचलला.

"झालं ना सुरू?" प्रोग्रामर बाई विचारत होत्या.

"अजून नाही," बाबा हळूच म्हणाले.

"अहो, दुपारीच सांगितलं मी ताईंना. फाइल कचरापेटीत पडलीये, परत घ्या, एका मिनिटाचं काम आहे. त्यांनी पेटी उघडून पाहिलीसुद्धा. दिसली म्हणाल्या, मग म्हणाल्या राहू दे, सावकाश घेते."

बाबांनी आभार मानून फोन ठेवला. दुपारपासून सगळे आकडे तिने ओरडून सांगितले होते. आता तर तिचा घसाही बसला होता. बाबांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला आणि तरीही पडद्यावरचं धूसरच दिसत राहिलं.

"कोणाचा फोन?" पलीकडून लेकीने विचारलं.

"कंपनीतल्या बाईंचा."

"काय म्हणतात?"

बाबांनी खाकरून आवाज सरळ केला. "फाइल काही सापडत नाही म्हणतात. बरेच दिवस लागतील."

भिंतीपलीकडे लेकीने शेवटच्या गिऱ्हाइकाची पावती फाडली.

"मग सोमवारी जरा लवकर या," ती म्हणाली, "सकाळी गर्दी असते."